तुमचे प्रश्न : जपानचं एक मासिक, त्याचं पारितोषिक आणि बरंच काही

मागच्या अंकात या पानावर एक छोटी बातमी दिली होती, की जुलै २०२५ मध्ये जपानची अकुतागावा आणि नाओकी ही दोन्ही साहित्य-पारितोषिकं कुणालाच दिली गेली नाहीत, आणि दोन्हीकडे एकाच वेळी असं होणं १९९८ नंतर पहिल्यांदाच. त्या चार ओळींवर इतके प्रश्न आलेत की यावेळचं अख्खं पान त्यालाच देतेय. प्रश्न वेगवेगळे असले तरी बहुतेक सगळे फिरून फिरून एकाच मासिकापाशी येतात, 'बुंगेईशुंजू'पाशी, त्यामुळे सुरुवात तिथूनच करू.

ताई, हे पारितोषिक सरकारचं आहे की त्या मासिकाचं? आणि एका मासिकाला एवढा मान मिळालाच कसा?
(बी.ए.ची विद्यार्थिनी, सातारा)

सरकारचा काडीचाही संबंध नाही गं. आधी मासिक निघालं, पारितोषिकं नंतर. मासिक सुरू केलं किकुची कान नावाच्या लेखकाने, जानेवारी १९२३ मध्ये, टोकियोत. किकुची तेव्हा चांगला नावारूपाला आलेला होता, नाटकं, कथा, वर्तमानपत्रातून क्रमशः कादंबऱ्या, सगळं जोरात चालू होतं, आणि त्याला वीट आला होता तो दुसऱ्याने सांगितलं म्हणून लिहिण्याचा. पहिल्या अंकाच्या निवेदनात त्याने जे लिहिलं त्याचा आशय असा, की कुणाच्या तरी सांगण्यावरून बोलायचा मला कंटाळा आलाय, वाचक काय म्हणतील, संपादक काय म्हणतील याची फिकीर न करता मला जे वाटतं ते मोकळेपणाने बोलायचंय, आणि माझ्या ओळखीतल्या तरुण मंडळींनाही तसंच बोलायचंय. अंक केवढा, तर २८ पानांचा. किंमत १० सेन, म्हणजे एका येनचा दहावा हिस्सा, तेव्हाच्या मोठ्या जाडजूड मासिकांच्या मानाने अगदीच किरकोळ. ३००० प्रती काढल्या आणि सगळ्या संपल्या.

त्या पहिल्या अंकाच्या पहिल्या पानावर कोण होतं, तर अकुतागावा र्युनोसुके. तुमच्यापैकी ज्यांनी कुरोसावाचा 'राशोमोन' पाहिलाय त्यांना हा माणूस ओळखीचा आहेच, कारण त्या सिनेमातली खुनाची गोष्ट अकुतागावाच्या एका कथेवरून घेतलीय आणि ती कथाही १९२२ मध्ये एका मासिकातच आली होती, 'शिंचो'मध्ये. किकुची आणि अकुतागावा शाळा-कॉलेजच्या वयापासूनचे दोस्त. अकुतागावा टोकियो विद्यापीठात आणि किकुची क्योतोच्या विद्यापीठात असताना दोघं मित्रांबरोबर 'शिनशिचो' नावाचं मासिक काढायचे, पदरचे पैसे घालून. १९१६ मध्ये त्यात अकुतागावाची 'नाक' ही कथा आली, ती नात्सुमे सोसेकीने वाचली आणि त्या पोराला पत्र पाठवलं, की अशा वीस-तीस कथा लिहून बघ, साहित्यात तुझ्या तोडीचा दुसरा कुणी राहणार नाही. सोसेकी म्हणजे तेव्हाचा जपानमधला सगळ्यात मोठा लेखक, आणि तो विद्यार्थ्यांनी काढलेलं मासिक वाचून पत्र लिहितो! मला तर वाटतं पुढचं सगळं या पत्रातूनच उगवलं, म्हणजे मोठ्याने छोट्याचं छापील काम मनापासून वाचायचं आणि त्याला कळवायचं, ही रीत.

१९२७ मध्ये अकुतागावाने आत्महत्या केली, वय फक्त ३५. १९३४ मध्ये किकुचीचा दुसरा मित्र, लोकप्रिय कादंबऱ्या लिहिणारा नाओकी सांजूगो गेला. मग १९३५ च्या जानेवारी अंकात किकुचीने दोघांच्या नावाने दोन पारितोषिकं जाहीर केली, अकुतागावाच्या नावाचं नवीन लेखकांच्या गंभीर साहित्याला आणि नाओकीच्या नावाचं लोकप्रिय साहित्याला. बक्षीस म्हणून एक खिशातलं घड्याळ आणि ५०० येन. आज रक्कम १० लाख येन झालीय पण घड्याळ अजूनही देतात. किकुचीचं एक मला फार आवडतं, तो लपवाछपवी करत नाही. त्याने त्याच वर्षी मासिकात सरळ लिहून टाकलं, की हो, ही पारितोषिकं मी निम्मी मासिकाच्या जाहिरातीसाठीच देतोय. आणि काही वर्तमानपत्रांनी पारितोषिकाची एक ओळही छापली नाही याचा त्याला भयंकर राग आला होता, तोही त्याने तिथेच लिहून मोकळा केला. आता निकालाची बातमी त्याच संध्याकाळी टीव्हीवर येते.

पुस्तकाला नाही, तर मासिकात छापून आलेल्या लेखनाला पारितोषिक देतात हे खरं का? मग पुस्तकाचं काय?
(ग्रंथपाल, अकोला)

अकुतागावाचं खरंय, नाओकीचं नाही. नाओकी आज मुख्यतः पुस्तकालाच मिळतं. अकुतागावासाठी मात्र लेखन आधी मासिकात आलेलं असावं लागतं, तेही साधारण दीर्घकथा किंवा छोट्या कादंबरीच्या लांबीचं. पुस्तक नंतर येतं, बऱ्याचदा पारितोषिक जाहीर होण्याच्या आगेमागे.

आणि हे जपानमध्ये अजिबात विचित्र वाटत नाही, कारण तिथलं गंभीर साहित्य शंभराहून जास्त वर्षं आधी मासिकातच जन्माला येतंय. आज पाच मासिकांची नावं एका दमात घेतात, 'शिंचो' १९०४ पासूनचं, 'बुंगाकुकाई' आणि 'बुंगेई' दोन्ही १९३३ ची, युद्ध संपल्यावर १९४६ मध्ये निघालेलं 'गुंझो', आणि १९७० चं 'सुबारू'. यातलं 'बुंगाकुकाई' हे बुंगेईशुंजू कंपनीच चालवते. खुद्द 'बुंगेईशुंजू' आता निव्वळ साहित्याचं मासिक राहिलेलं नाही, त्यात राजकारण, इतिहास, आरोग्य, आठवणी सगळं असतं. १९७४ च्या नोव्हेंबर अंकात त्यांनी पंतप्रधान तानाका यांच्या पैशांच्या व्यवहारांवर ताचिबाना ताकाशीचा लांबलचक शोधलेख छापला आणि पुढच्या काही आठवड्यांत तानाकांना खुर्ची सोडावी लागली, इतकं त्याचं वजन. पण वर्षातून दोनदा, मार्च आणि सप्टेंबरच्या अंकात, अकुतागावा मिळालेलं लेखन पूर्णच्या पूर्ण छापलं जातं आणि सोबत प्रत्येक परीक्षकाचं मत. साहित्याशी काही देणंघेणं नसलेले आजी-आजोबासुद्धा तेवढे दोन अंक घेतात.

मासिकामुळे लिखाणावर काय परिणाम होतो याचं एक उदाहरण देते, मला हे खूप जवळचं आहे. कावाबाताची 'हिमदेश' ही कादंबरी, इंग्रजीत 'स्नो कंट्री', जिचा १९६८ च्या नोबेलच्या वेळी आवर्जून उल्लेख झाला. ती कादंबरी म्हणून लिहायला घेतलेलीच नव्हती. कावाबाताला 'बुंगेईशुंजू'च्या जानेवारी १९३५ च्या अंकासाठी एक कथा द्यायची होती, साधारण ४० कागदांची (तिकडे लांबी शब्दांत मोजत नाहीत, ४०० चौकटींच्या कागदांत मोजतात, कॉम्प्युटर आला तरी हिशोब तोच). मुदत आली आणि कथा संपेना. मग जेवढं झालं तेवढं त्याने 'बुंगेईशुंजू'ला दिलं, आणि 'काइझो' नावाच्या दुसऱ्या मासिकाची मुदत काही दिवस उशिराची होती, तर उरलेलं त्यांच्या त्याच महिन्याच्या अंकात दिलं! म्हणजे एकच गोष्ट एकाच महिन्यात दोन मासिकांत, दोन वेगळ्या नावांनी. आणि तरीही संपली नाहीच, पुढे वेगवेगळ्या मासिकांतून तुकडे येत राहिले, मध्ये एकदा पुस्तक झालं, परत लिहिलं, आणि शेवटचं रूप यायला १९४८ उजाडलं. ती वाचताना प्रत्येक भाग स्वतःपुरता उभा राहतो आणि पुढच्या भागाकडे उगाच धावत नाही असं जे जाणवतं ना, त्यात या तुकड्यातुकड्याने येण्याचा हात आहे असं माझं ठाम मत आहे. आणि बघा, पारितोषिकांची घोषणा आणि 'हिमदेश'चा पहिला तुकडा, दोन्ही एकाच अंकात.

नवख्या माणसाला तिथे शिरकाव कसा मिळतो? ओळख, वशिला लागतो का? मी स्वतः कथा लिहितो म्हणून विचारतोय.
(एक वाचक, परभणी)

तुमच्या प्रश्नातली कळकळ समजली दादा, म्हणून जरा सविस्तर सांगते.

आजचा मुख्य दरवाजा म्हणजे नवलेखक स्पर्धा. वर सांगितलेल्या पाचही मासिकांची वर्षातून एकदा असते. अट एवढीच की लेखन अप्रकाशित पाहिजे आणि लांबी दिलेल्या कागदांत बसली पाहिजे, 'बुंगाकुकाई'त ७० ते १५० कागद. वय, शिक्षण, गाव, काही बघत नाहीत. हजाराच्या वर संहिता येतात, त्या चाळून चाळून मोजक्या उरतात आणि मग नामवंत लेखक त्यातून निवड करतात. निवडलेली कथा मासिकात छापून येते आणि त्या दिवसापासून तुम्हाला एक संपादक मिळतो. हा संपादक फार महत्त्वाचा. तो तुमची पुढची गोष्ट वाचतो, परत लिहायला लावतो, परत वाचतो, आणि पहिल्या गोष्टीचं कौतुक झाल्यावर दुसरी लिहिताना माणूस गारठतो तेव्हा फोन करून विचारत राहतो की काय चाललंय.

या दारातून आलेले कोण बघा. मुराकामी हारुकी १९७९ मध्ये 'गुंझो'च्या स्पर्धेतून आला, तेव्हा तो टोकियोत जॅझचं हॉटेल चालवायचा. २०२३ मध्ये इचिकावा साओ यांची 'हंचबॅक' ही कादंबरी 'बुंगाकुकाई'च्या स्पर्धेत निवडली गेली आणि त्याच वर्षी तिला अकुतागावा मिळालं. इचिकावांना स्नायूंचा जन्मजात आजार आहे, व्हीलचेअर आणि व्हेंटिलेटर वापरतात, आणि छापील पुस्तक हातात धरून पानं उलटता येणाऱ्यांनाच वाचक समजणाऱ्या जगावर त्यांच्या नायिकेने असा काही कोरडा ओढलाय की तिथल्या प्रकाशकांना ई-बुक आणि ऑडिओबद्दल जाहीरपणे बोलावं लागलं. वयाचं म्हणाल तर जानेवारी २०१३ मध्ये कुरोदा नात्सुको यांना अकुतागावा मिळालं तेव्हा त्या ७५ वर्षांच्या होत्या, तीही अशीच नवलेखक स्पर्धेत पाठवलेली गोष्ट, वासेदा विद्यापीठाच्या मासिकात आलेली.

दुसरा दरवाजा जुना आहे आणि तो बंद होत आला याचं मला मनापासून वाईट वाटतं. गावोगावी लिहिणाऱ्यांचे गट असायचे, कुणी शाळामास्तर, कुणी पोस्टात, कुणी घर सांभाळणारी, वर्गणी काढून स्वतःचं छोटं मासिक छापायचे. आता अशा मासिकाला टोकियोत कोण विचारणार? तर 'बुंगाकुकाई' विचारायचं. १९५१ पासून २००८ पर्यंत, म्हणजे पन्नासहून जास्त वर्षं, त्यांनी एक सदर चालवलं ज्यात समीक्षक देशभरातून आलेली ही गटमासिकं वाचून त्यातल्या कथांवर लिहायचे आणि त्यातलं निवडक परत 'बुंगाकुकाई'त छापलं जायचं. विचार करा, तुम्ही परभणीत पंचवीस जणांनी मिळून काढलेल्या अंकातली कथा दिल्ली-मुंबईतला समीक्षक वाचतोय आणि त्यावर नावानिशी लिहितोय, तेही दर महिन्याला. २००८ च्या शेवटी सदर बंद झालं, गट म्हातारे होत चालले होते, नवीन पोरं थेट स्पर्धेला पाठवत होती. पुढे 'मिता बुंगाकु' या दुसऱ्या मासिकाने ते काम उचललं, पण 'बुंगाकुकाई'त येणं ते वेगळंच.

वशिल्याचं विचारलंत, तर मात्सुमोतो सेइचोचं उदाहरण लक्षात ठेवा. टोकियोपासून लांब कोकुरा शहरात वर्तमानपत्राच्या जाहिरात विभागात नोकरी, शिक्षण प्राथमिकपुरतं, घरात खाणारी तोंडं भरपूर. १९५२ मध्ये त्याची एक कथा 'मिता बुंगाकु'त आली, ती आधी नाओकीच्या यादीत होती, तिथल्या परीक्षकांना वाटलं ही तर अकुतागावाची गोष्ट आहे, म्हणून तिकडे सरकवली आणि १९५३ च्या जानेवारीत तिला अकुतागावा मिळालंसुद्धा. तेव्हा तो ४३ वर्षांचा. पुढे हाच माणूस जपानमधला सगळ्यात मोठा रहस्यकथाकार झाला.

मासिकं खपतात तरी किती? धंदा परवडतो का?
(पुस्तक विक्रेते, नाशिक)

फक्त मासिक म्हणून बघितलं तर नाही परवडत. 'बुंगाकुकाई' एरवी १०,००० च्या आसपास छापायचं, बारा-तेरा कोटींच्या देशात. मग चालवतात कशाला, तर पुढचं सगळं तिथून मिळतं म्हणून, पुस्तक, पॉकेट आवृत्ती, सिनेमा, भाषांतराचे हक्क. मोठ्या प्रकाशकाकडे कॉमिक्स असतात, साप्ताहिकं असतात, त्यांच्या पैशावर साहित्याचं मासिक पोसलं जातं. शेतकरी बियाण्याचं पोतं विकायला काढत नाही, तसाच हा हिशोब.

कधीकधी मात्र आकडे उसळतात. २०१५ च्या फेब्रुवारी अंकात 'बुंगाकुकाई'ने मातायोशी नाओकी या टीव्हीवरच्या विनोदवीराची 'हिबाना' छापली, दोन स्टँडअपवाल्यांची गोष्ट, आणि १९३३ पासून पहिल्यांदाच त्या मासिकाला एखादा अंक परत छापावा लागला, सगळे मिळून ४०,००० झाले. त्याला अकुतागावा मिळाल्यावर पुस्तक वीस लाखांच्या पुढे गेलं. त्याआधी २००४ मध्ये वाताया रिसा आणि कानेहारा हितोमी या १९ आणि २० वर्षांच्या दोन मुलींना एकत्र पारितोषिक मिळालं होतं तेव्हा 'बुंगेईशुंजू'चा तो अंक दहा लाखांवर खपला.

पण मला या दोन्हीपेक्षा 'बुंगेई'ची गोष्ट जास्त आवडते. २०१९ मध्ये त्या त्रैमासिकाने कोरिया आणि स्त्रीवाद हा विषय घेऊन अंक काढला, ना पारितोषिक ना टीव्हीस्टार, तरी लोकांनी शोधून शोधून घेतला, तीनदा छापावा लागला, आणि तिसऱ्या आवृत्तीची वेळ १९३३ नंतर पहिल्यांदाच आली होती. संपादकाने विषय नीट ओळखला तर वाचक येतो हे इथे दिसतं.

परीक्षकांवर आरोप होत नाहीत का? आपल्याकडे तर लगेच भांडणं सुरू होतात.
(एक वाचक, डोंबिवली)

पहिल्याच वर्षी झाली! १९३५ च्या पहिल्या यादीत दाझाई ओसामूचं नाव होतं. मिळालं इशिकावा तात्सुझोला. कावाबाता परीक्षक होता, त्याने मासिकात छापलेल्या मतात लिहिलं, की या लेखकाच्या सध्याच्या आयुष्यावर कसलंतरी वाईट सावट आहे आणि त्यामुळे त्याची प्रतिभा सरळ बाहेर येत नाही. दाझाईला तेव्हा वेदनाशामक इंजेक्शनचं व्यसन लागलेलं, पैशाची ओढाताण, त्यात हे छापून आलेलं. त्याने दुसऱ्या मासिकात कावाबाताला जाहीर उत्तर दिलं, पक्षी पाळायचे आणि नाच बघायचे हे फार मोठं आयुष्य का, भोसकेन म्हणून. आणि पुढच्याच वर्षी त्याच दाझाईने सातो हारुओ या दुसऱ्या परीक्षकाला चार मीटर लांबीचं पत्र पाठवलं, की पारितोषिक मला द्या, म्हणजे मी जगेन. मिळालं नाही, कधीच नाही. आज जपानमध्ये शाळकरी पोरांपासून सगळे दाझाई वाचतात.

माझं मत विचाराल तर कावाबाताने माणसाच्या खासगी आयुष्यावर बोट ठेवायला नको होतं, कथेवर बोलायला हवं होतं. पण त्याने जे म्हटलं ते नावानिशी, छापून, सगळ्यांसमोर म्हटलं, म्हणून दाझाईला उत्तर तरी देता आलं, आणि आज नव्वद वर्षांनी आपण दोघांचं वाचून कोण चुकलं ते ठरवू शकतो. प्रत्येक परीक्षकाने आपलं मत लिहायचं, आवडलं नाही तर का नाही ते लिहायचं, आणि ते छापायचं, ही त्या मासिकाची सवय मला पारितोषिकापेक्षाही मोलाची वाटते. आपल्याकडे निकाल लागतो आणि परीक्षकांनी आत काय चर्चा केली हे कुणालाच कळत नाही.

खटकतं तेही सांगते. अंतिम यादी कोण बनवतं, तर बुंगेईशुंजू कंपनीचे कर्मचारी. पारितोषिक देणारी संस्था नावाला वेगळी आहे पण वाचून छाटणी करणारे हे आतलेच. आणि लांबीच्या बंधनामुळे मोठ्या आवाक्याचं लिहिणारे बाजूलाच राहतात.

मुराकामीला अकुतागावा मिळालं होतं का?
(एक वाचक, पुणे)

दोनदा यादीत होता, मिळालं नाही. नंतर तो लांब कादंबऱ्यांकडे वळला, आणि नवलेखकांचं पारितोषिक असल्यामुळे विषयच संपला. ओए केनझाबुरोला मात्र १९५८ मध्ये २३ व्या वर्षी मिळालं, विद्यार्थी असतानाच, आणि १९९४ मध्ये नोबेल.

एआय वापरून लिहिलेल्या कादंबरीला हे पारितोषिक दिलं असं फॉरवर्ड आलं होतं, खरं का?
(एक वाचक, ठाणे)

फॉरवर्डमध्ये अर्धंच आलं. कुदान रिए यांना जानेवारी २०२४ मध्ये मिळालं तेव्हा त्यांनी स्वतःच सांगितलं की साधारण पाच टक्के मजकूर एआयचा आहे. पण त्या कादंबरीत पात्रं एआयशी बोलतात, आणि एआयने दिलेली जी उत्तरं आहेत तिथे तो मजकूर आहे. बाकी लिखाण त्यांचं.

युद्धाच्या काळात ही मासिकं काय करत होती?
(निवृत्त शिक्षक, रत्नागिरी)

सर, हा प्रश्न तुम्ही विचारलात याबद्दल आभार, कारण कौतुकाच्या भरात हे राहून गेलं असतं.

पहिलं अकुतागावा मिळवणारा तो इशिकावा तात्सुझो, ज्याने ब्राझीलला निघालेल्या गरीब स्थलांतरितांवर लिहिलं होतं, तो 'चुओ कोरोन' या मासिकातर्फे चीनमध्ये गेला, नानजिंगला, आणि तिथे जपानी सैनिक काय करताहेत ते त्याने गोष्टीत लिहिलं. मार्च १९३८ च्या अंकात ती आली तीच ठिकठिकाणी शब्द गाळून, गाळलेल्या जागी टिंबं घालून, तरीही अंकावर बंदी आली आणि इशिकावाला चार महिन्यांची शिक्षा झाली, तीन वर्षांसाठी तहकूब. १९४३ मध्ये त्याच मासिकात तानिझाकीची चार बहिणींची कादंबरी सुरू झाली होती, त्यात युद्धविरोधी एक शब्द नाही, स्थळं बघायची, चेरीचा बहर बघायला जायचं, असलंच सगळं, पण देश लढत असताना हे काय म्हणून सैन्याने तीही थांबवली. १९४४ च्या जुलैमध्ये 'चुओ कोरोन' आणि 'काइझो' दोन्ही कंपन्या सरकारने बंद करायला लावल्या.

'बुंगेईशुंजू' चालू राहिलं. चालू राहिलं कारण ते सरकारच्या बाजूने उभं राहिलं. किकुचीने १९३८ मध्ये लेखकांची तुकडी घेऊन चीनच्या आघाडीवर दौरा केला, पुढेही सरकारी साहित्यसंघटनांत पुढे होता. 'वाटेल ते मोकळेपणाने बोलायचंय' म्हणून मासिक काढलेला माणूस हा. मला हे वाचताना फार त्रास होतो, कारण नवीन लेखकांना त्याने सढळ हाताने मदत केली हेही तितकंच खरं आहे. १९४६ मध्ये त्याने कंपनी मोडीत काढली, तिथल्याच सहकाऱ्यांनी नव्या नावाची कंपनी काढून मासिक परत उभं केलं, १९४७ मध्ये युद्धाला साथ दिली म्हणून त्याच्यावर सार्वजनिक पदांची बंदी आली आणि मार्च १९४८ मध्ये तो गेला. अकुतागावाही तेव्हा थांबलं होतं, १९४९ ला परत सुरू झालं.

यात भारताशी संबंधित काही आहे का हो?
(एक वाचक, बंगळुरू)

आहे आणि तेही मस्त आहे. इशिई युका या चेन्नईत राहून आयटी कंपनीतल्या लोकांना जपानी शिकवायच्या. त्यांनी 'शिंचो'च्या नवलेखक स्पर्धेला 'शंभर वर्षांचा चिखल' या अर्थाच्या नावाची गोष्ट पाठवली, ती निवडली गेली आणि जानेवारी २०१८ मध्ये तिला अकुतागावा मिळालं. चेन्नईत महापूर येऊन गेलाय, अड्यार नदीवरच्या पुलावर चिखलाचे ढीग लागलेत, जपानी शिकवणारी बाई त्यातून चालत ऑफिसला निघालीय आणि त्या चिखलातून शंभर वर्षांत हरवलेल्या वस्तू आणि माणसं निघताहेत, लोक त्यांना ओढून काढून गप्पा मारायला लागतात. वर्गातले तिचे विद्यार्थी तर असे रंगवलेत की आपल्याला आपलेच ऑफिसवाले आठवावेत. कुणीतरी हे मराठीत थेट जपानीवरून आणा अशी माझी जाहीर विनंती आहे, पुण्यात जपानी शिकलेली इतकी मंडळी आहेत.

आपल्या 'सत्यकथे'शी तुलना करता येईल का?
(मराठीच्या प्राध्यापिका, नागपूर)

बाई, संपादनाच्या बाबतीत नक्की करता येईल. श्री. पु. भागवत आणि राम पटवर्धन लेखकांशी ज्या चिकाटीने पत्रव्यवहार करायचे, कथा परत परत लिहून घ्यायचे, ते आणि 'शिंचो' किंवा 'बुंगाकुकाई'चे संपादक जे करतात ते एकाच जातीचं काम. फरक पडतो तो पाठीशी काय आहे त्यात. 'सत्यकथा' १९८२ मध्ये बंद झालं. तिकडे मोठ्या प्रकाशकांनी तोटा सोसून मासिकं धरून ठेवली, आणि एक नाही, पाच, त्यामुळे एका संपादकाला नाही आवडलं तर दुसरा आहे. आपल्याकडे दिवाळी अंक आहेत आणि त्यांनी कथा जिवंत ठेवलीय याबद्दल दुमत नाही, पण नवख्या माणसाला दर महिन्याला ठोठावता येईल असं दार पाहिजे, वर्षातून एकदा उघडणारं पुरत नाही.

जपानी येत नाही, तर यातलं काय आणि कुठून वाचायला सुरुवात करू?
(बारावीतला विद्यार्थी, लातूर)

इंग्रजी जमत असेल तर मुराता सायाका यांची 'कन्व्हिनियन्स स्टोअर वुमन' आधी घे बाळा. 'बुंगाकुकाई'च्या जून २०१६ च्या अंकात आली, त्याच जुलैत अकुतागावा, इंग्रजी भाषांतर २०१८ चं. छत्तीस वर्षांची बाई अठरा वर्षं एकाच दुकानात पार्टटाइम काम करतेय आणि तिला त्यात काहीच कमी वाटत नाही, त्रास होतो तो बाकीच्यांना. स्वतः मुराताही तेव्हा अशाच दुकानात काम करत होत्या. छोटी आहे, दोन बैठकांत होईल, भाषा सोपी आहे. त्यानंतर अकुतागावाच्या कथा, त्या वेगवेगळ्या भाषांतरांत सहज मिळतात, 'राशोमोन' आणि 'नाक' दोन्ही पंधरा-वीस मिनिटांच्या आहेत. 'हिमदेश' आत्ता नको, कॉलेजच्या दुसऱ्या-तिसऱ्या वर्षाला घे, तिथे घाई केली तर कंटाळा येईल आणि मग तू परत त्या पुस्तकाकडे जाणार नाहीस. इचिकावांची 'हंचबॅक' पण इंग्रजीत आलीय, ती मात्र मोठ्यांची आहे, दोन वर्षांनी वाच.